पत्ता हरवलेली रात्र

ती सूचना मी वाचली होती. हे आधीच सांगून टाकतो, कारण त्यानंतर कित्येक महिने मी लोकांना वेगळंच सांगत होतो. जनरेटर बंद झाला, काय करणार, नशीब. लॅपटॉपवर रेकॉर्डिंगसाठी मी ‘एमपीफोर’ हा प्रकार निवडला तेव्हा खाली एक ओळ उमटली होती. वीज गेली किंवा यंत्र मध्येच बंद पडलं आणि फाईल नीट पूर्ण झाली नाही, तर ती परत मिळणार नाही, असा तिचा अर्थ होता. मला तो अर्थ कळला होता. लग्नांची इतकी शूटिंगं केली, कधी काही झालं नाही, असं म्हणून मी पुढे गेलो.

२०१८ च्या डिसेंबरातली गोष्ट. आमचं गाव कुडाळ तालुक्यात. त्या वर्षी जत्रेच्या रात्री दशावतारात बुवा सावित्री उभी करणार होते. सत्तरी ओलांडलेले बुवा उभं आयुष्य स्त्रीपार्टी म्हणून उभे राहिले होते. आता गुडघे साथ देत नाहीत, ही सावित्री शेवटचीच, असं त्यांनी कंपनीच्या मालकांना सांगून ठेवलं होतं. दशावतारात संवाद लिहिलेले नसतात हे आमच्याकडच्या कोणालाही सांगायला नको. आख्यान ठरतं, कोण काय होणार ते ठरतं, आणि मग पायपेटी, पखवाज आणि झांजेच्या साथीला नट उभ्या उभ्या बोलतो. त्या रात्री जे बोललं गेलं ते कुठल्याही वहीत नसतं. म्हणून ती रात्र नीट पकडायची, असं मी ठरवलं. माझा धंदा लग्नाच्या शूटिंगचा, पण हे काम पैशासाठी नव्हतं.

कॅमेऱ्याच्या कार्डावर घेतलं असतं तर अर्ध्या अर्ध्या तासाचे तुकडे झाले असते. मला ते नको होते. गणपतीपासून दहीकाल्यापर्यंतची अख्खी रात्र एकाच फाईलमध्ये हवी होती, म्हणून कॅमेऱ्याची केबल कॅप्चर कार्डातून लॅपटॉपला जोडली. लॅपटॉपची बॅटरी तेव्हा जवळजवळ मेलेलीच होती, चार्जर काढला की पडदा काळा. तेही मला माहीत होतं. संध्याकाळी तीन मिनिटांची चाचणी घेतली, चित्र आणि आवाज दोन्ही नीट आहेत हे पाहिलं, आणि डिस्कवर जागा व्हावी म्हणून ती छोटी फाईल पुसून टाकली. हे पुसणं पुढे किती महागात पडलं ते सांगेनच.

बुवांची सावित्री त्या रात्री काय झाली याचं वर्णन मी करणार नाही. यमाशी संवाद सुरू झाला तेव्हा पहाटेचे चार वाजले असतील, आणि मंडपात झोपलेली माणसं उठून बसली होती. मग दहीकाला झाला, लोक उठले. नाटक संपलं असं समजून जनरेटरवाल्यानं जनरेटर बंद केला. त्याची काहीच चूक नव्हती. लाईट घालवायच्या आधी मला विचार, एवढं मी त्याला सांगायला हवं होतं आणि सांगितलं नव्हतं. हॅलोजन विझले आणि त्याबरोबर लॅपटॉपही विझला.

घरी येऊन फोल्डर उघडलं तर फाईल जागेवर होती. जवळजवळ १८ जीबी. इतकी मोठी फाईल म्हणजे सगळं आत आहे, असं वाटून मला हायसं वाटलं. दोनदा क्लिक केलं, काही नाही. दुसऱ्या प्लेअरमध्ये उघडली, काही नाही. शेवटी एफएफएमपेग या प्रणालीनं कारण सांगितलं: मूव्ह अ‍ॅटम सापडला नाही.

हा मूव्ह म्हणजे काय ते समजायला मला आठवडा लागला. आमच्याकडच्या भाषेत सांगायचं तर एमपीफोर फाईलमध्ये एक जमीन असते आणि एक सातबारा असतो. जमिनीच्या पेटीचं नाव एमडॅट. चित्रांच्या आणि आवाजाच्या दाबून लहान केलेल्या तुकड्यांची ती सलग रास, मध्ये कुठेही बांध नाही. कुठे एक चित्र संपतं आणि कुठे दुसरं सुरू होतं, हा तुकडा चित्राचा की पखवाजाच्या थापेचा, हे त्या राशीकडे बघून कळत नाही. ते सगळं मूव्हमध्ये लिहिलेलं असतं. त्यात वेगवेगळे तक्ते असतात. एका तक्त्यात कुठलं चित्र किती वेळ दाखवायचं, एकात प्रत्येक तुकडा किती बाइटांचा, एकात तुकड्यांचे गठ्ठे फाईलच्या सुरुवातीपासून किती अंतरावर, आणि एकात अशा चित्रांची यादी, जी दुसऱ्या कुणाच्या आधाराशिवाय उलगडतात. चित्राची लांबी-रुंदी आणि ते उलगडण्याची किल्लीही तिथेच.

आपण पडद्याखालच्या पट्टीवर बोट ओढून दोन तास दहा मिनिटांवर नेतो, तेव्हा प्लेअर फाईल वाचत वाचत तिथे जात नाही. तो आधी वेळेच्या तक्त्यात बघतो, दोन तास दहा मिनिटं म्हणजे कितवं चित्र. मग त्याच्या मागचं सर्वांत जवळचं स्वतंत्र चित्र शोधतो, ते कुठल्या गठ्ठ्यात आहे ते बघतो, आणि डिस्कवरच्या नेमक्या त्या बाइटावर उडी मारतो. हे सगळं डोळ्याची पापणी लवायच्या आत होतं, म्हणूनच इतकी वर्षं मला त्याचा पत्ता नव्हता.

मी हिशेब मांडला. पाच तास, सेकंदाला २५ चित्रं, म्हणजे साडेचार लाख चित्रं. प्रत्येकाचं आकारमान लिहायला चार बाइट धरले तर १८ लाख बाइट. आवाजाचे तुकडे चित्रांहून जास्त, सुमारे साडेआठ लाख. बाकीचे तक्ते मिळून सगळा दप्तर-पसारा फार तर दहा-बारा एमबी भरला असता. १८ जीबीच्या जमिनीचा सातबारा हजारात एक भागही नाही, आणि तेवढाच नव्हता.

तो नव्हता कारण तो शेवटी लिहिला जातो. रेकॉर्डिंग चालू असताना पुढचं चित्र किती मोठं होणार, रात्र किती लांबणार हे यंत्राला माहीत नसतं. म्हणून ते तक्ते मेमरीत भरत राहतं आणि आपण थांबवलं की फाईलच्या शेवटी उतरवतं. १९९१ मध्ये ॲपलनं क्विकटाइम आणलं, त्याच्याच फाईलरचनेवर पुढे एमपीफोर उभं राहिलं, आणि ही पेट्यांची पद्धत तिथूनच आली. त्या ‘थांबव’ बटणाला मी नेहमी एक औपचारिकता समजत होतो.

या गोष्टीशी माझी आधी कधी गाठच पडली नव्हती, असं म्हणता आलं असतं तर बरं झालं असतं. पण इशारे दोनदा मिळाले होते.

पहिला जुन्या एव्हीआय फायलींनी दिला. सुरुवातीच्या काळातल्या काही लग्नांच्या फायली उघडल्या की व्हीएलसी विचारायचा, इंडेक्स मोडलेला आहे, नवा बांधू का? मी ‘हो’ म्हणायचो, थोडा वेळ थांबायचो, फाईल चालायची. दुसऱ्या दिवशी पुन्हा तोच प्रश्न. तो इंडेक्स फक्त त्या वेळेपुरता मेमरीत बांधला जात होता, फाईलमध्ये काहीच दुरुस्त होत नव्हतं. एव्हीआयमध्येही यादी शेवटी असते, आणि कॉपी करताना अर्धवट राहिलेल्या फायलींची तीच तुटलेली होती. मी वर्षानुवर्षं तोच प्रश्न बाजूला सारत राहिलो, यादी म्हणजे काय हे एकदाही विचारलं नाही.

दुसरा इशारा जास्त बोचरा होता, कारण त्यात मी माणसांना दोष दिला. त्याआधीच्या एका जत्रेतलं एक आख्यान मी एका स्वस्त सर्व्हरवर ठेवलं आणि मुंबईच्या चाकरमान्यांना दुवा पाठवला. परळ, डोंबिवली, विरारहून निरोप यायला लागले, नुसतं गोल फिरतंय. मी सगळ्यांना एकच उत्तर दिलं, तुमचं नेटवर्क कमजोर आहे. एका म्हाताऱ्या काकांनी अख्खी रात्र मोबाईल चार्जिंगला लावून ते आख्यान उतरवलं आणि मग पाहिलं. खरं असं होतं की मूव्ह फाईलच्या शेवटी होता. मोबाईलला पहिलं चित्र दाखवायलाही तो लागतो, आणि तो सर्व्हर फाईलचा हवा तेवढाच तुकडा देऊ शकत नव्हता. त्यामुळे शेवटची पेटी हाती यायला सगळी फाईल उतरवावी लागत होती. उपाय एका ओळीचा होता: एफएफएमपेगला ‘फास्टस्टार्ट’ सांगितलं की ते मूव्ह उचलून सुरुवातीला ठेवतं. जमीन त्यामुळे तेवढी पुढे सरकते, म्हणून तक्त्यातला प्रत्येक पत्ता तेवढ्याच अंतरानं बदलूनही देतं. चित्राला धक्का लागत नाही, दर्जा बदलत नाही. त्या काकांचा नंबर माझ्याकडे होता. मी आजपर्यंत फोन केलेला नाही.

आता सर्वांत वाईट चुकीकडे येतो, कारण फाईल पूर्ण न होणं ही सर्वांत वाईट चूक नव्हती.

एमडॅट शाबूत होता. १८ जीबीची जमीन जशीच्या तशी होती. मी हात बांधून बसलो असतो, आधी त्या फाईलची एक प्रत दुसऱ्या डिस्कवर काढली असती, तर पुढचं बरंच वाचलं असतं. पण मला शांत बसवेना. सकाळी दहाच्या आत मी कुठलंसं ‘व्हिडिओ दुरुस्त करा’ सॉफ्टवेअर उतरवलं, तेही त्याच डिस्कवर, आणि मूळ फाईलच त्याच्यापुढे ठेवली. त्यानं काहीतरी चालवलं, हिरवी पट्टी पूर्ण झाली, आणि फाईलच्या सुरुवातीचा भाग त्यानं स्वतःच्या समजुतीनं नव्यानं लिहून टाकला. गणपती, ऋद्धी-सिद्धी, भटजी, सरस्वती, पूर्वरंगाचा तो पहिला तुकडा त्या हिरव्या पट्टीखाली गेला. यात कुणी फसवलं नाही. प्रत न काढता मूळ कागद पुढे केला तो मी.

चार दिवसांनी पुण्यात चित्रपट जतन करण्याचं काम करणाऱ्या एका मित्राला फोन केला. त्यानं पहिला प्रश्न विचारला, प्रत काढलीस का? मी गप्प राहिलो. तोही थोडा वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, आता काढ, आणि मगच पुढचं बोलू.

त्यानं अनट्रंक नावाच्या छोट्या प्रणालीबद्दल सांगितलं. बांध पुसलेल्या शेताची मोजणी करायला शेजारच्या शेताचा बांध घ्यावा, तशी तिची रीत आहे. त्याच यंत्रावर, त्याच मांडणीत घेतलेली एक धड फाईल तिला द्यायची. त्या फाईलच्या मूव्हमधून चित्र उलगडण्याची किल्ली ती घेते, तुकड्यांचं वळण कसं असतं ते ओळखते, आणि मोडक्या फाईलच्या राशीत एक एक तुकडा हुडकत नवा सातबारा लिहिते.

धड फाईल म्हणजे त्या संध्याकाळची तीन मिनिटांची चाचणी. ती मी पुसली होती.

आणि जत्रेनंतर एका लग्नासाठी मी सगळी मांडणीही बदलून टाकली होती. आठवेल तशी मांडणी करून एक नमुना घेतला, त्यातून हिरव्या-जांभळ्या चौकोनांचा चिखल निघाला. दुसरा घेतला, तोच चिखल. किल्ली एका अंशानंही वेगळी असेल तर कुलूप उघडत नाही. शेवटी रेकॉर्डिंगच्या सॉफ्टवेअरनं ठेवलेल्या नोंदीत त्या रात्रीची मांडणी सापडली: बिटरेट, प्रोफाइल, कीफ्रेमचं म्हणजे त्या स्वतंत्र चित्रांचं अंतर, सगळं. मी न ठेवलेली नोंद यंत्रानं ठेवली होती. तशीच मांडणी करून, तोच कॅमेरा लावून, अंगणात पाच मिनिटं घेतली. अनट्रंकनं रात्रभर काम केलं. पहाटे पडद्यावर संकासूर नाचताना दिसला आणि मी घरातल्या सगळ्यांना उठवलं.

चित्र बहुतेक आलं. आवाज पहिल्या तासा-दीड तासाचा आला, पुढे तुटत गेला, आणि शेवटच्या दोन तासांत नाहीच. याचंही कारण कळलं. एमपीफोरमध्ये आवाजाचे तुकडे नुसते ठेवलेले असतात, आपण कुठे सुरू होतो हे सांगणारी खूण त्यांच्या कपाळावर नसते. ती खूण मूव्हमधल्या तक्त्यांवर सोपवलेली असते. चित्राचा तुकडा चाचपून ओळखता येतो, आवाजाचा ओळखणं फार अवघड. सावित्री आणि यम समोरासमोर उभे होते, ओठ हलत होते, आणि त्यातलं अक्षरही ऐकू येत नव्हतं. ज्या रात्रीचे शब्द कुठेच लिहिलेले नव्हते, तिचे नेमके शब्दच गेले.

बुवांना सांगायला मी मार्च उजाडेपर्यंत गेलो नाही. आधी काहीतरी करून आवाज मिळवू आणि मग जाऊ, असं स्वतःला सांगत राहिलो. त्यांनीच निरोप पाठवला. लॅपटॉप घेऊन गेलो, ओटीवर बसलो, सगळं खरं सांगितलं. जनरेटरची गोष्ट नाही, मी वाचलेल्या त्या ओळीची गोष्ट. बुवांनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, “दाखय बघू काय आसा तां.”

बराच वेळ ते नुसते बघत होते. यम आला तसे पुढे सरकले. “माजो आवाज खंय गेलो?” असं एकदाच विचारलं. मी पुन्हा सांगितलं. मग म्हणाले, “मागे घे रे जरा.” मी पट्टी थोडी मागे ओढली. चित्र त्यांना हव्या त्या जागेच्या फार मागे जाऊन पडलं. पुढे ओढलं, ते फार पुढे गेलं. “थंयच थांबय,” ते म्हणत होते, आणि मला थांबवता येत नव्हतं.

हीही माझीच करणी. कीफ्रेमचं अंतर मी यंत्रावर सोडलं होतं, आणि यंत्रानं दर २५० चित्रांमागे एक स्वतंत्र चित्र ठेवलं होतं. सेकंदाला २५ च्या हिशेबानं दहा सेकंदांना एक. मधली २४९ चित्रं आपण होऊन उभी राहत नाहीत, आधीच्या चित्रापेक्षा काय बदललं एवढंच त्यांत असतं. माझा प्लेअर जवळच्या कीफ्रेमवर उडी मारणारा होता, त्यामुळे बुवांना हवा असलेला तो एक श्वास दर वेळी दोन उड्यांच्या मध्ये हरवत होता. फाईल लहान होते म्हणून ही सोय मला आवडायची. लग्नात कोणी एका ओठाच्या हालचालीसाठी मागे-पुढे करत नाही. इथे समोर बसलेला माणूस स्वतःचेच शब्द ओठांवरून वाचायचा प्रयत्न करत होता.

त्या दिवशी मी परत आलो आणि त्या दोन तासांची वेगळी प्रत बनवली, प्रत्येक चित्र कीफ्रेम करून. फाईल कित्येक पट फुगली. पण आता बोट जिथे थांबेल तिथेच चित्र थांबत होतं. दुसरी अडचण मग ध्यानात आली. बुवा वेळ सांगत नव्हते. “तिसरो वर मागतंय थंय,” असं सांगायचे, “यम हसता त्याच्या फुडे.” त्यांच्याकडे अख्ख्या रात्रीची यादी होती, तासा-मिनिटांची नव्हे, आख्यानाची. माझ्याकडे नुसते तास आणि मिनिटं होती. पहिल्यांदा मी वही घेतली आणि त्यांच्या सांगण्याबरोबर लिहायला लागलो: सासऱ्याचे डोळे, गेलेलं राज्य, बापाला शंभर पुत्र, मग स्वतःला शंभर पुत्र आणि तिथे यमाची गोची. समोर मिनिट आणि सेकंद. त्या वहीत आता गावच्या अकरा आख्यानांच्या नोंदी आहेत.

रेकॉर्डिंग तेव्हापासून एमकेव्हीमध्ये करतो. ती रचना २००२ च्या डिसेंबरात जाहीर झाली, मात्र्योश्का या रशियन बाहुलीवरून तिचं नाव मात्रोस्का. तिच्यात चित्र-आवाजाचे छोटे गठ्ठे एकामागून एक लिहिले जातात आणि प्रत्येक गठ्ठ्यावर त्याची स्वतःची वेळ असते. उडी मारायची यादी तिच्यातही असते आणि तीही बहुधा शेवटीच लिहिली जाते. पण ती लिहायची राहिली तरी गठ्ठे चालत चालत वाचता येतात, शोधायला वेळ लागेल इतकंच. काम झालं की त्यातून एमपीफोर बनवायला दोन-तीन मिनिटं लागतात, चित्र पुन्हा दाबावं लागत नाही. टीव्हीचं प्रक्षेपण तर याच्याही पुढचं. तिथे १८८ बाइटांची पाकिटं येतच राहतात आणि बघणारा मधूनच चढतो, एसटीत मधल्या थांब्यावर चढावं तसा. एमपीफोरचाही तुकड्या-तुकड्यांचा एक प्रकार आहे, ज्यात प्रत्येक तुकड्याबरोबर त्याची छोटी यादी लिहिली जाते. हे सगळं त्या डिसेंबरच्या कितीतरी आधीपासून होतं. लॅपटॉपच्या नव्या बॅटरीची किंमत एका लग्नाच्या आगाऊ रकमेपेक्षा कमी होती. तीही मी मार्चनंतर घेतली.

मे महिन्यात बुवांकडे पुन्हा गेलो. लॅपटॉपवर मुकी सावित्री लावली, त्यांच्यासमोर कॅमेरा आणि माईक ठेवला आणि म्हटलं, ओठ बघून जे आठवेल ते बोला. त्यांनी बराच वेळ पाहिलं. मग मान हलवली.

“त्या रातीचा त्या रातीक बोललंय,” ते म्हणाले. “आता बोलतलंय तां आताचा.”

आणि बोलायला लागले. ओठांशी शब्द जुळत नव्हते आणि त्यांनी जुळवायचा प्रयत्नही केला नाही. पडद्यावरची सावित्री कधी गप्प असायची तेव्हा हे बोलत असायचे, ती बोलायची तेव्हा हे तिच्याकडे बघत बसायचे. पाऊण तास. मी वहीत मिनिटं टिपत होतो. संपल्यावर ‘थांबव’ दाबलं, डिस्कचा दिवा लुकलुकायचा थांबेपर्यंत कशाला हात लावला नाही.

“ह्यां तरी रवतला मा?” बुवांनी विचारलं.

मी फाईल उघडली. वहीत बघून पट्टी एकतिसाव्या मिनिटावर ओढली आणि बोट उचललं. पडद्यावर बुवांचा चेहरा आला, आणि तिसरा वर मागणारा त्यांचा आवाज ओटीवर स्पष्ट ऐकू आला. ते मागे टेकून बसले आणि म्हणाले, आता सुरवातीक घे. मी पट्टी शून्यावर नेली, आणि आम्ही दोघांनी पहिल्यापासून ऐकलं.